नव्या कपड्यांना म्हातारं करण्याचा धंदा

जर्मनीत कार्ल्सरूहेला आलो तेव्हा ह्यांना गाड्यांच्या कंपनीत नोकरी होती आणि माझ्याजवळ पुण्यात केलेला टेक्स्टाइलचा डिप्लोमा. युरो नुकताच आला होता, लोक अजून मनातल्या मनात मार्कात हिशेब करायचे. जर्मन जेमतेम बोलता यायला लागल्यावर मी स्टेशनजवळच्या एका अल्टरेशनच्या दुकानात लागले. जर्मन माणसाचं पोट सुटलं की तो नवी पँट घेत नाही, आहे तीच सैल करायला आणतो. त्यामुळे कामाला तोटा नव्हता.

एका दुपारी पन्नाशीची एक बाई शर्टांचा ढीग घेऊन दुकानात शिरली. गळ्यात टेप, मनगटाला टाचण्यांची उशी. ऱ्हाइनच्या पलीकडे, फ्रान्समध्ये, एका सिनेमाचं शूटिंग चाललं होतं आणि ही त्यांच्या कपडेपटाची प्रमुख. तिची शिवणारी मदतनीस आजारी पडली होती. तिने माझ्या हातातली पँट ओढून घेतली, उलटी करून तुरपाई पाहिली आणि विचारलं, "उद्यापासून येतेस?" तिचं जर्मन माझ्याइतकंच मोडकं होतं, म्हणून आमचं लगेच जमलं.

पहिल्या दिवशी तिने मला नवेकोरे शर्ट दिले आणि सोबत चीज किसायची किसणी.

"घास," ती म्हणाली. "सिनेमात हे बोटीवर राबणारे लोक आहेत आणि यांचे शर्ट कालच दुकानातून आणलेले दिसतायत."

कॉलर किसणीने घासायची, कोपरांवर पॉलिश पेपर फिरवायचा, मग चहाच्या पाण्यात बुचकळून कापडाचा टवटवीतपणा घालवायचा. फोनवर सासूबाईंना सांगितलं तर त्या म्हणाल्या, "नवे कपडे खराब करायचा पगार देतात होय? मग तुझ्या सासऱ्यांनाच बोलावून घे. ते फुकट करून देतील."

काम इतकं वाढलं की मी ते घरी आणू लागले. एका रविवारी बाल्कनीत चहाचे शर्ट वाळत घातले आणि त्यांचं पाणी खालच्या मजल्यावरच्या आजींच्या पांढऱ्या चादरीवर ठिबकलं. आजी जिना चढून वर आल्या. तोवर आमचं बोलणं जिन्यातल्या सकाळच्या 'मोर्गन'च्या पुढे कधी गेलं नव्हतं.

"रविवारी धुणं वाळत घालायचं नाही, हे हाउसऑर्डनुंगमध्ये, इमारतीच्या नियमांत, लिहिलंय," त्या म्हणाल्या. "आणि हे कसलं धुणं?"

मी चादर धुऊन द्यायचं कबूल केलं आणि त्यांना आत बोलावून सगळं दाखवलं. सिनेमातल्या हिरोसाठी, म्हणजे बोटीवरच्या मेकॅनिकसाठी, शिवलेलं निळं जाकीट खुर्चीवर होतं. त्यांनी ते बराच वेळ न्याहाळलं. त्यांचे यजमान बंदरावर बोटींची इंजिनं दुरुस्त करायचे. ते जाऊन बरीच वर्षं झाली होती. दुसऱ्या दिवशी त्या पुन्हा वर आल्या ते यजमानांचं कामाचं जाकीट हातावर घेऊन.

"दाखवा तुमच्या बाईंना. पण मला परत हवंय, आहे तसं."

"आहे तसंच आणीन," मी म्हणाले.

कपडेपटाच्या बाईंनी ते जाकीट उजेडात धरलं आणि थेट हिरोच्या अंगावर चढवलं. आरशात पाहताना तो आपोआप थोडा वाकून उभा राहिला. सगळे खूश झाले. मग जेवताना मला कळलं की शेवटच्या प्रसंगात त्याचं जाकीट दोर ओढायच्या यंत्रात अडकून फाटतं आणि नदीत पडतं.

"हे फाडता येणार नाही," मी म्हणाले. "मी शब्द दिलाय."

"सिनेमात कपडे परत देण्यासाठी नसतात," बाई म्हणाल्या.

"मग मी ते आत्ताच घेऊन जाते."

कामावर येऊन महिनासुद्धा झाला नव्हता. त्यांनी सिगारेट विझवली. "पुढच्या आठवड्यात सीन आहे. तोवर असंच दुसरं करून आण. मला फरक दिसता कामा नये."

तो आठवडा आजी माझ्या स्वयंपाकघरात बसून होत्या. मी शिवत होते, त्या सांगत होत्या. उजवा खिसा लोंबतो कारण त्यात पाना असायचा. डावा खांदा विटलाय तो दोराची वेटोळी वाहून. एक बटण राखाडी दोऱ्याने लावलंय, कारण त्या दिवशी घरात निळा दोरा नव्हता आणि कामाची वेळ झाली होती. शेवटी त्यांनी माझ्या हातातून पॉलिश पेपर घेतला आणि बाहीची कड स्वतःच घासायला लागल्या.

"आयुष्यभर मी हे डाग काढत होते," त्या म्हणाल्या, "आणि आता घालतेय." आणि हसल्या. मी त्यांना पहिल्यांदाच हसताना पाहत होते.

बाईंनी दोन्ही जाकिटं शेजारी शेजारी टांगून पाहिली. नव्याची कॉलर फार स्वच्छ आहे, म्हणाल्या. मी म्हटलं, जुन्याचीही आहे, त्यांची बायको दर शनिवारी ब्रशने घासायची. बाईंनी जुनी कॉलर उलटून पाहिली. "मग राहू दे," त्या म्हणाल्या.

नवं जाकीट ठरल्याप्रमाणे यंत्रात फाटलं आणि ऱ्हाइनमध्ये गेलं. जुनं मी आजींच्या दारात नेऊन दिलं. त्यांनी ते खुंटीला अडकवलं आणि मला केक खायला बसवलं.

सिनेमा लागला तेव्हा आम्ही दोघी ट्रेनने स्ट्रासबुर्गला गेलो. त्यांना फ्रेंच येत नव्हतं आणि मलाही बेताचंच, त्यामुळे गोष्ट आम्ही आपापल्या अंदाजाने समजून घेतली. हिरो पहिल्यांदा पडद्यावर आला तेव्हा त्यांनी माझं मनगट धरलं, ते मध्यांतराशिवायच्या त्या अख्ख्या सिनेमात सोडलं नाही. बाहेर आल्यावर मात्र एवढंच म्हणाल्या, "नट फार बारीक आहे. ह्याला कुणी नीट जेवायला घालत नाही."

त्यानंतरच्या वसंतात कपडेपटाच्या बाईंचा फोन आला. लिऑनला एक पलटणभर सैनिकांचे गणवेश म्हातारे करायचे होते. मी ह्यांच्याकडे पाहिलं.

"अहो, महिनाभर जावं लागेल."

"जा की," हे म्हणाले. "कुकरच्या किती शिट्ट्या, तेवढं फक्त सांगून ठेव."

मी सांगितलं आणि बॅग भरायला लागले. सगळ्यात आधी किसणी घातली.