आत्यानं ठेवलेलं नाव

दौंडला रेल्वे लाइनच्या पलीकडं करुणा ओव्हाळचं ब्लाऊज शिवायचं दुकान आहे. दुकान म्हणजे पत्र्याची एक खोली. आत दोन मशीन, भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब, आणि त्यांच्याखाली दोरीवर वस्तीतल्या बायकांचे ब्लाऊज टांगलेले. करुणाच्या हाताला सफाई आहे आणि जिभेला हाड नाही. "माप मागच्याच ब्लाऊजचं घे" म्हणणाऱ्या बाईला ती तोंडावर सांगते, "ब्लाऊज मागचाच हाय, पण तू कुठं मागची ऱ्हायलीस?" बायका चिडतात, दुसरीकडं शिवून बघतात आणि पुन्हा हिच्याच दारात येऊन बसतात.

अशी ही कुणाच्या बापाला न भिणारी बाई गेल्या हिवाळ्यात पार हादरली होती. तिच्या धाकट्या भावाच्या, विनोदच्या मुलीचं लग्न ठरलं होतं आणि मुलीच्या होणाऱ्या सासूनं सांगून टाकलं होतं की लग्नात आम्ही पोरीचं नाव बदलणार. पोरीचं नाव बरीरा. ते ठेवलं होतं आत्यानं, म्हणजे करुणानं. लोकांच्या लेखी ही एवढीशी गोष्ट. आपल्याकडं कितीतरी मुली माहेरी एक असतात आणि सासरी दुसऱ्या होतात, त्यावर कुणी गळा काढत नाही. पण करुणाला ना नवरा ना मूलबाळ. ह्या नावाखेरीज तिनं स्वतःच्या मर्जीनं कुणाला काही दिलेलं नव्हतं, आणि आता तेच पुसलं जाणार होतं.

ओव्हाळांच्या बौद्ध घरात अरबी नाव आलं कुठून, हे कळायचं तर करुणाच्या लग्नापर्यंत मागं जायला हवं.

तिला शिरूर तालुक्यात एका गावी दिलेलं होतं. नवऱ्याचं नाव खंडू. खंडू दारू पीत नव्हता, हात उचलत नव्हता, शिवी देत नव्हता. तो प्रेम करायचा. इतकं करायचा की कामावर जाताना दाराला बाहेरून कुलूप लावायचा. "तुला कुणी बघायला नगं," असं लाडानं म्हणायचा आणि किल्ली खिशात टाकायचा. एक दिवस स्टोव्हचा भडका उडाला. पडदा पेटला, करुणाचा हात भाजला. दार ठोकून ठोकून ती दमली आणि शेवटी माठातलं पाणी ओतून तिनं एकटीनं आग विझवली. संध्याकाळी खंडू आला, घाबरला, ओक्साबोक्शी रडला, तिच्या हाताला मलम लावलं. आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा कुलूप लावून कामावर गेला. त्यानंतर एकदा तिला घेऊन तो बाजाराला गेला, तेव्हा तो वांगी निवडत होता आणि ही दौंडच्या एसटीत बसून मोकळी झाली.

खंडू पाठोपाठ दौंडला आला. तो भांडला असता तर बरं झालं असतं. तो समोरच्या लिंबाखाली बसून रडायचा. येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचा, माझी बायको मला परत द्या. बघणाऱ्यांचं काळीज तुटायचं. वस्तीतल्या बायका, आईबाप, चुलते, सगळे करुणाच्या मागं लागले: असा जीव लावणारा नवरा कुणाला मिळतो? कुलपाचं सांगितलं तर म्हणायचे, मारत तर न्हाई ना?

फक्त एका बाईनं तिला परत जा म्हटलं नाही. रेल्वे क्वार्टरच्या मागं राहणाऱ्या बरीराबी. नवरा रेल्वेत होता, तो वारल्यावर त्या शिवणकाम करायच्या आणि करुणा त्यांच्याकडं शिकायला जायची. "दिल नहीं है तो नहीं है," त्या म्हणाल्या. "रोनेवाले को पानी दे, और तू मशीन चला." एक दिवस करुणानं त्यांना विचारलं, चाची, तुमचं नाव असं कसं वो? कुणाचंच ऐकलं न्हाई. तेव्हा चाचीनं त्या नावाची गोष्ट सांगितली. ती ऐकताना करुणाचा पाय मशीनवरच थांबला. त्यानंतर कितीही लोक आले तरी ती डगमगली नाही. खंडू दमला आणि एक दिवस निघून गेला. पुढं त्यानं दुसरं लग्न केल्याचं कानावर आलं, तेव्हा करुणाला त्या दुसऱ्या बाईची काळजी वाटली.

चाचीची ती गोष्ट मात्र तिनं कुणाला सांगितली नाही. सांगायची तर कुलपापासून सांगावी लागली असती, आणि तो विषय घरात कुणी काढत नसे.

बरीराबी वारल्या. मागं कुणी नव्हतं. पुढच्याच वर्षी विनोदला मुलगी झाली. विनोद तोवर शिरूरला राहायला गेला होता आणि एमआयडीसीत एका कारखान्यात लागला होता. बारशाला करुणा गेली. बौद्धाचार्यांनी त्रिशरण-पंचशील घेतलं, खीर उकळत होती, दारात रांगोळीनं 'समृद्धी' असं नावही काढून ठेवलं होतं. आता आत्यानं पाळण्याजवळ जाऊन कानात तेवढंच सांगायचं होतं. इतक्यात बाळंतिणीची आई, सोजराबाई, आतल्या खोलीत म्हणाली, "नवऱ्याला सोडून आल्याली बाई ती. तिचा हात कशाला पाळण्याला?" हळू बोलायचं होतं तिला, पण आवाज असा लावला की मांडवाबाहेरही जावा.

विनोदचे कान लाल झाले. "माझ्या पोरीचं नाव माझी ताईच ठीवणार," तो म्हणाला. करुणा उठली, पाळण्याशी वाकली. बायकांनी विचारलं, काय ठेवलं गं? करुणा ताठ उभी राहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "बरीरा."

भाग्यश्रीनं, बाळाच्या आईनं, दबकत विचारलं, "म्हंजी काय वो, वन्सं?"

"नेक. भल्या मनाची."

हा अर्थ खोटा नव्हता. पण त्या क्षणी करुणा काही भलेपणानं बोलत नव्हती. राग सोजराबाईचा होता, आणि तो निघाला लेकराच्या नावावर. आत्यानं कानात सांगितलेलं नाव फिरवत नाहीत, म्हणून विनोदनं तेच कायम केलं. भाग्यश्रीनं बाहेर जाऊन रांगोळी पायानं पुसली आणि त्यानंतर बरेच दिवस ती नणंदेशी मोजकंच बोलली.

पोर मोठी झाली आणि आत्याची झाली. सुट्टी लागली की दौंड. आपलं नाव आत्याला शिवण शिकवणाऱ्या बरीराबींचं, एवढं तिला ठाऊक होतं. आत्याचा शब्द तिनं कधी खाली पडू दिला नाही. पण त्या नावानं तिला काय काय दाखवलं ते आत्याला दौंडात बसून दिसत नव्हतं. शाळेत पहिल्या दिवशी बाईंनी विचारलं, मराठी वाचता येतं ना? डिप्लोमाला पुण्यात खोली बघायला गेली, तर मालकीण नाव ऐकून म्हणाली, खोली गेली. बरोबरच्या मैत्रिणीनं घाईघाईनं आडनाव सांगितलं. मालकीण म्हणाली, "असं होय! आधी सांगायचं." आणि मग आडनावावर विचार करून म्हणाली, खोली खरंच गेली. पुढं बरीरा शिरूरजवळच्या कारखान्यात क्वालिटीला लागली. तिथं गेटवर नवीन आलेला प्रत्येक जण तिच्या ओळखपत्राकडं एकदा आणि तोंडाकडं एकदा बघायचा.

मग राहू गावचं स्थळ आलं. मुलगा विक्रम, कारखान्यातच भेटलेला, दोघांचं आपापसांत ठरलेलं. आपल्याच समाजातला, शांत मुलगा. त्याला नावाचं काही नव्हतं. त्याच्या आईला होतं. "आमचा कुणावर राग न्हाई," चांगुणाबाई म्हणाल्या, "पण पत्रिका वाचून पावण्यांनी इचारलं तर एकेकाला काय सांगत बसायचं? लग्नात नाव बदलू, इषय मिटला." विनोद लगेच हो म्हणाला. करुणानं त्याला फोनवर झाडझाड झाडलं. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "ताई, तू एकदा ठिवलंस आन् दौंडला गेलीस. भोगलं आमी."

हे करुणाला फार लागलं. पण बरीरा स्वतः अजून काही बोलली नव्हती, आणि करुणाचा सगळा जीव त्या आशेवर टांगलेला होता. लग्नाचा ब्लाऊज मीच शिवणार, मापाला ये, असा तिनं निरोप धाडला.

बरीरा एसटीनं आली. न्हावरं, इनामगाव करत गाडी दुपारी दौंडात पोचली. करुणानं तिला जेवू घातलं, उभी केली आणि टेप लावला.

"आत्या, तू मला कशाला बोलावलंय ते कळतंय मला," बरीरा म्हणाली. "ब्लाऊज काय शिरूरला शिवून मिळत न्हाई?"

"मिळतो. बगलंत चुण्या पडत्यात." करुणानं टेप गळ्यात अडकवला. "बस खाली. सांगायचं हाय तुला."

आणि तिनं सांगितलं. आधी खंडूचं, कुलपाचं, स्टोव्हचं, लिंबाखालच्या रडण्याचं. बरीराला ह्यातलं काही ठाऊक नव्हतं. तिला वाटायचं, आत्याचा नवराच कुठं निघून गेला असंल. मग करुणा नावाकडं वळली.

"नेक म्हंजी बरीरा, असं काही जण म्हणत्यात. काही म्हणत्यात, अरबस्तानात एक झाड हाय, त्याच्या काड्यांनी लोक दात घासत्यात, मिसवाक म्हणत्यात ती. त्या झाडाच्या फळाला म्हणत्यात बरीर. चाचीला ह्यो फळाचा अर्थ आवडायचा. पण खरी गोष्ट पुढंच हाय. त्या नावाची एक बाई होऊन गेली म्हणं, पैगंबरांच्या काळात. गुलाम होती. तिचा नवराबी गुलाम. आयेशाबीबींनी, पैगंबरांच्या बायकोनं, तिला सोडवली. आन् मोकळी झाली तवा नवऱ्यापाशी ऱ्हायचं का न्हाई, ते तिचं तिनं ठरवायचं होतं. ती म्हणली, न्हाई ऱ्हायचं. त्यो गल्लीबोळानं तिच्या मागं रडत फिरायचा, दाढी भिजायची त्याची. पैगंबरांनाबी दया आली. ते तिला म्हणले, परत गेलीस त्याच्याकडं तर बरं. तिनं इचारलं, ह्यो तुमचा हुकूम हाय का? ते म्हणले, न्हाई, मी नुस्ता त्याच्यासाठी शब्द टाकतोय. तवा ती म्हणली, मग मला त्याची गरज न्हाई. आन् तिला कुणी काय बोललं न्हाई."

करुणाचे डोळे भरले होते. "सगळं गाव मला परत जा म्हणत होतं, तवा ह्या नावानं मला उभं केलं, पोरी. म्हणून तुला दिलं. टाकू नगंस."

बाहेर मालगाडी जात होती, ती जाईपर्यंत बोलणं शक्यही नव्हतं.

"मागं गावात हिंदू-मुसलमानांत ताणातणी झाली होती ना," मग बरीरा म्हणाली, "तवा रस्त्यात चार पोरांनी मला आडवलं. नाव इचारलं. मी म्हणले, प्रांजल. मैत्रिणीचं नाव, तोंडात आलं ते सांगितलं. जा म्हणले. आत्या, खोटं बोलल्याची लाज न्हाई वाटली. हायसं वाटलं त्याची वाटली. त्या दिसापासनं कुणी नाव इचारलं की मी आधी माणसाकडं बघते, ह्यो कसला हाय म्हणून. मी तशी न्हाई हो, असं सांगते, आन् सांगितलं की बरीराबींच्या तोंडावर थुंकल्यागत वाटतं. मला कंटाळा आलाय."

"तुझ्या सासूनं शिकवलं का हे?"

"सासू न्हाई. मीच सुचवलं तिला प्रांजल ठिवा म्हणून." तिनं आत्याचा हात धरला. "तू टाकू नगंस म्हणतीस. ह्यो हुकूम हाय का?"

करुणाला कळलं की हो म्हटलं तर पोर ऐकेल. आजवर आत्याचा शब्द तिनं मोडला नव्हता, हाही मोडला नसता. एक हो म्हणायचा अवकाश, आणि नाव राहिलं असतं. तोंडाशी आलंसुद्धा. पण तिला खंडूच्या खिशातली किल्ली आठवली, आणि तिनं जीभ चावली.

"न्हाई," शेवटी ती म्हणाली. "शब्द टाकते नुस्ता."

"मग मला ते नगं, आत्या."

करुणाला संताप आला. पोरीच्या एक मुस्काटात द्यावीशी वाटली. आणि तिच्या बोलण्यात चूक कुठं आहे ते काही केल्या सापडेना, म्हणून जास्तच रडू आलं. दोघीही रडल्या. मग करुणानं तोंड धुतलं आणि राहिलेलं माप घेतलं.

लग्न राहूला झालं. पाहुणे जेवून पांगल्यावर चांगुणाबाईंनी घरात ताटभर तांदूळ आणून ठेवले. धम्मात हे बसतं का, असं कुणी विचारलं नाही. बायका अशा वेळी तांदळाला धर्म विचारत नाहीत. विक्रमनं अंगठीनं तांदळात 'प्रांजल' लिहिलं, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, पेढे फिरले. विनोद बहिणीच्या नजरेला नजर देत नव्हता. भाग्यश्रीनं मात्र जवळ येऊन करुणाच्या हातात स्वतःच्या हातानं पेढा ठेवला. करुणानं तो तोंडात टाकला.

दौंडची जीप दारात आली, तशी नवरी आत्याला निरोप द्यायला अनवाणीच अंगणात धावली. अंगणात नवी खडी टाकलेली होती. करुणा जीपमध्ये चढता चढता थांबली. तोंडात जुनंच नाव आलं होतं, ते तिनं गिळलं.

"प्रांजल," ती म्हणाली, "चप्पल घाल. पायाला टोचंल."

निदान पहिल्या हाकेला तरी ती चुकेल, ऐकून न ऐकल्यासारखं होईल तिचं, अशी करुणाची समजूत होती.

"व्हय आत्या," पोर लगेच म्हणाली आणि चप्पल आणायला आत गेली.