हाडं न मोडता शिजलेली कोंबडी

मी आळेफाट्यावर इंजिनाचं काम करतो. बत्तीस वर्षं झाली. गाडी गॅरेजच्या दारात येऊन उभी राहिली की बॉनेट न उघडता, नुसत्या आवाजावरून मी तिचं दुखणं सांगतो आणि त्याचा मला गर्व आहे. तो मी लपवत नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढं स्वयंपाकघरातल्या एका डब्यानं माझी जी फजिती केली ती कळायला आधी माझा तोरा माहीत असायला हवा.

गोष्ट आईची आहे. तिचे उरलेसुरले दात नारायणगावला जाऊन काढले आणि कवळी करून घेतली. कवळीचं आणि आईचं पहिल्या दिवसापासून पटलं नाही. "तोंडात दुसऱ्याचं कायतरी ठेवल्यावानी वाटतं," म्हणाली आणि ती वाटीत, पाण्यात बुडवून फडताळात ठेवून दिली. तिथपर्यंत ठीक होतं. हिरड्यांनी ती भाकरीसुद्धा चावायची, फक्त वेळ लागायचा.

मग पिंपळवंडीला भावकीत यात्रेचं जेवण निघालं. कोंबडीचा रस्सा म्हणजे आईचा जीव की प्राण. बायकांच्या पंगतीत बसली, दोन घास खाल्ले आणि तिसऱ्या घासाला हाडाची एक काचेसारखी टोकदार कपची तिच्या हिरडीत घुसली. आपल्याकडं कोंबडी कशी तोडतात ते काय सांगायला हवं? ठोकळ्यावर ठेवायची आणि सत्तूर हाणायचा, हाड कुठंही फुटो. दात असले की असली कपची घास चावतानाच कळते, बाजूला काढता येते. बिनदातांच्या माणसाला ती रुतल्यावरच कळते. आईच्या तोंडातून रक्त आलं, ताटात पडलं. शेजारच्या बायका हात आखडून बसल्या. कुणीतरी म्हणालं, "म्हाताऱ्या माणसानं आपला दूधभात खावा." आई ताटावरून उठली.

त्याला आठ महिने झाले होते. तेव्हापासून ती आमच्याबरोबर जेवायला बसायची नाही. स्वयंपाकघरात भिंतीकडं तोंड करून दुधात कुस्करलेली भाकरी खायची. नातेवाइकांकडं जाणं बंद. घोडेगावला तिची धाकटी बहीण, म्हणजे माझी मावशी, दर दोन दिवसांनी फोन करायची. "आक्का, औंदा यात्रेला ये." आई म्हणायची, गुडघे दुखतात. अहो, कसले गुडघे! त्याच महिन्यात लेण्याद्रीच्या पायऱ्या ती माझ्या आधी चढून वर जाऊन बसली होती.

मला संताप यायचा. कुणावर काढावा ते कळायचं नाही, म्हणून तो बायकोवर निघायचा. ती ऐकून घ्यायची नाही, हे बरं होतं.

मुलगी पुण्यात नोकरीला आहे. तिनं दिवाळीला विजेवर चालणारा प्रेशर कुकर पाठवला होता. बायको म्हणाली, "माझे दोन कुकर धडधाकट असताना हे धूड कशाला?" आणि खोकं तसंच माळ्यावर गेलं. एकदा फोनवर बोलता बोलता मुलगी म्हणाली, "पप्पा, त्यात अख्खी कोंबडी शिजते. कापावी लागत नाही. मांस हाडावरून आपोआप सुटतं." बाकीचं मी ऐकलंच नाही. कापायची नाही म्हणजे सत्तूर नाही, आणि सत्तूर नाही म्हणजे कपची नाही.

मी आईला सांगितलं.

"गावरान पायजे," ती म्हणाली. "त्या ब्रॉयलरला काय चव न्हाई."

"गावरानच करू."

"एकदाच बघीन. न्हाई जमलं तर परत माझ्याम्होरं नाव काढायचं न्हाई. आन घोडेगावचंबी काढायचं न्हाई."

म्हणजे संधी एकच होती. आणि वर तिनं स्वतःचीच कोंबडी दिली, अंडी द्यायची थांबलेली, ठिपक्यांची. तीन वर्षांची गावरान कोंबडी! मांस कसलं, टायरच.

रविवारी गॅरेज बंद ठेवलं. बायकोनं कोंबडी गरम पाण्यातून काढून तिची पिसं उपटली, जाळावर धरून उरलेली बारीक पिसं जाळली, पोट साफ केलं. हळद, मीठ, आलं-लसूण आतून-बाहेरून चोळलं. मी ती कुकरच्या भांड्यात उताणी बसवली, तीन पेले पाणी घातलं, झाकण फिरवून बंद केलं.

"आधी पुस्तक तर वाचा," बायको म्हणाली.

बत्तीस वर्षांत मी कुठल्याही यंत्राचं पुस्तक वाचलेलं नाही. दिसलं ते बटण दाबलं.

"किती शिट्ट्या?" आईनं बाहेर ओट्यावरून विचारलं.

"आठ," मी ठणकावून सांगितलं.

आमच्या घरात स्वयंपाक करताना घड्याळाकडं कुणी बघत नाही. भाताला तीन, डाळीला चार, हरभऱ्याला सहा, असा सगळा कारभार शिट्ट्यांवर. म्हणून मी शिट्टीची वाट बघत बसलो. दहा मिनिटं गेली. थोडी वाफ सुटली, झाकणावरची एक बारकी पिन टुणकन वर आली आणि मग होती तीही वाफ बंद झाली. वीस मिनिटं झाली. शिट्टी नाही. मी कान लावला. आत काहीच नाही, एकदम शांत.

आता मला सांगा, ज्या यंत्रानं आवाज करायचा ते गप्प झालं तर माझ्यासारखा माणूस काय समजणार? व्हॉल्व्ह चोक झाला. आत प्रेशर चढतंय. मी बायकोला बाहेर काढलं, आईला ओट्यावरून अंगणात नेऊन उभं केलं, प्लग उपटला आणि लांब दांड्याचा स्क्रू-ड्रायव्हर घेऊन त्या व्हॉल्व्हला टोला दिला.

वाफेचा असा काही लोट उठला की मी मागच्या मागं डाळीच्या डब्यांवर जाऊन पडलो. छतापर्यंत हळदीचं पाणी उडालं. ट्यूबलाइट पिवळी झाली. फुसफुस थांबल्यावर झाकण उघडलं तर आत कोंबडी नुसती आकसून बसली होती. बोट दाबून बघितलं. रबर.

"न्हाई ना जमलं?" आई दारात येऊन म्हणाली. रागानं नाही. असंच होणार हे तिला आधीपासून माहीत असल्यासारखं म्हणाली आणि दुधाच्या पातेल्याकडं वळली. ते मला फार लागलं.

बायकोनं तोवर मुलीला फोन लावला होता. सगळं ऐकून मुलगी आधी खूप हसली. मग म्हणाली, "पप्पा, त्याला शिट्टी नसते."

"नसते म्हणजे?"

"नसतेच. ती पिन वर आली म्हणजे आत शिजतंय. वेळ संपला की तो आपला आपण बंद होतो. मग वाफ आतल्या आत जिरेपर्यंत त्याला हात लावायचा नाही. तुम्ही तर मुळीच नाही."

म्हणजे यंत्र ठणठणीत होतं आणि ते नीट चाललंय हे मला ओळखता आलं नाही. मी. आवाजावरून दुखणं सांगणारा. गॅरेजमधल्या पोरांना हे कळता कामा नये, असं मी बायकोला सांगितलं. ती तोंडाला पदर लावून हसली, म्हणजे सोमवारी कळणार होतं.

तिनं चष्मा लावला, पुस्तक उघडलं, बोट ठेवून वाचलं, थोडं पाणी वाढवलं, जुनी कोंबडी म्हणून तासाभराचा वेळ लावला आणि मला म्हणाली, "तुमी बाहेर बसा. आन ते हत्यार खाली ठेवा."

ओट्यावर आईशेजारी जाऊन बसलो. तिच्या हातात दुधाची वाटी होती, पण तिनं भाकरी अजून कुस्करली नव्हती.

"आई, एक तास थांब."

"थांबते की. मला कुठं जायचंय?" मग म्हणाली, "मी काय उपाशी मरत न्हाई रं. दुधावर जगतं माणूस. पर चार बायकांत बसून जेवता येत न्हाई, त्याचं लई वाईट वाटतं."

आठ महिन्यांत ती हे पहिल्यांदा बोलली. मी वाटी तिच्या हातातून घेऊन बाजूला ठेवली.

तास झाला. वाफ जिरायला अजून अर्धा तास. मग बायकोनं झाकण उघडलं आणि चिमट्यानं तंगडी धरून वर उचलली. वर आलं ते नुसतं हाड. मांस खाली भांड्यातच राहिलं. ती ते हाड तसंच ताटलीत घालून आईकडं घेऊन आली.

"आत्या, हे बघा."

आईनं हाड हातात घेतलं. या टोकापासून त्या टोकापर्यंत त्याच्यावरून बोट फिरवलं, उलटं करून परत फिरवलं. कुठं फुटलं नव्हतं, कुठं टोक नव्हतं. माझा जीव भांड्यात पडला.

बायकोनं अळणी रस्सा वाटीत काढला, बाकीच्याला भाजलेल्या कांदा-खोबऱ्याचं वाटण लावलं, बाजरीच्या भाकरी टाकल्या. आम्ही दोघं बसलो. आई आपलं ताट घेऊन नेहमीसारखी भिंतीकडं गेली, दोन पावलं गेल्यावर थांबली आणि येऊन आमच्यासमोर बसली.

पहिला घास तिनं तोंडात कितीतरी वेळ घोळवला. या गालातून त्या गालात, जिभेनं चाचपत. आमचे दोघांचे हात थांबले होते. मग तिनं तो गिळला.

"मीठ कमी पडलंय," ती म्हणाली.

कुणी नाव ठेवल्यावर मला एवढा आनंद आयुष्यात झालेला नाही. मीठ घेतलं आणि ती जेवत राहिली. सावकाश, भाकरी रश्शात बुडवून, कोंबडीच्या मानेपासून पाठीपर्यंत. हाडं एकेक करून ताटाच्या कडेला मांडत गेली, सगळी शाबूत. आमचं जेवण कधीच उरकलं होतं, पण आम्ही बसून राहिलो.

हात धुतल्यावर तिनं फोन मागितला. "घोडेगावला लाव."

मी लावून दिला.

"मी येनार हाय यात्रेला," ती मावशीला म्हणाली. "गुडघं? गुडघ्यांला काय झालंय? बरं, आयीक. माझ्या वाटची कोंबडी तोडू नका, अख्खी ठेवा. भांडं आमी आणतो. व्हय, सून येती बरुबर. तिला समदं जमतं." तिकडून मावशी काहीतरी विचारत असावी.

"न्हाई न्हाई," आई म्हणाली, "आत कशाला? मला पंगतीतच बसव. मधी बसव, कडंला न्हाई."

मी उठलो, स्टूल घेतलं आणि ट्यूबलाइटवरची हळद पुसायला चढलो. तिथं वर उभं राहिलं की खालच्यांना आपलं तोंड दिसत नाही.