दुभाष्याचा आवाज

आमच्या गल्लीतले दुभाषी तसे अबोल. कुणाचं मन दुखवायचं म्हटलं तरी जमू नये, असा माणूस. दिवसभर परक्यांचं बोलणं आपल्या तोंडाने बोलायचं, मग घरी आल्यावर स्वतःचं फारसं उरत नसावं. समोरचा ‘मी’ म्हणाला की यांनीही ‘मी’च म्हणायचं, हा त्यांच्या कामाचा नियम.

शेजारच्या देशातून पळून आलेल्या एका माणसाची जबानी त्यांनी अशीच सांगितली: ‘आमच्या सरकारने लपवलेली अस्त्रं मी माझ्या डोळ्यांनी पाहिली.’ मंत्र्यांनी ते ध्वनिमुद्रण रेडिओवर ऐकवलं. पळून आलेल्याचा आवाज मागे पुसट, दुभाष्यांचा खणखणीत. युद्ध सुरू झालं. “मामा खोटं बोलेल का?” म्हणत भाचा सैन्यात गेला आणि शवपेटीतून परतला. अस्त्रं काही सापडली नाहीत.

त्याच्या आईने, म्हणजे थोरल्या बहिणीने, त्यांना दार बंद केलं. भाजीवाली तराजू त्यांच्या नाकासमोर धरायची. “बघून घ्या, साहेब. तुम्ही सगळं डोळ्यांनी बघता ना?” ते पैसे देऊन निघत.

चौकशी समितीपुढे मंत्री म्हणाले, “त्या आवाजात इतकी खात्री होती की मीही फसलो. भाषांतरातच काही गडबड असावी.”

दुभाषी उठले. “भाषांतर बरोबर होतं. तो पळून आलेला माणूस खोटा होता. दर खेपेला अस्त्रांचं कोठार नव्या गावात सांगायचा. जबानी संपली त्याच संध्याकाळी तुमच्या खोलीत मी हे तुम्हाला सांगितलं. तुम्ही म्हणालात, ‘तुमचं काम बोलण्याचं, ठरवण्याचं नाही.’”

“असं काही आठवत नाही,” मंत्री चष्मा पुसत म्हणाले. अध्यक्षांनी पुढच्या साक्षीदाराला बोलावलं.

बहीण मागच्या बाकावरून ऐकत होती. बाहेर पायरीवर तिने त्यांना गाठलं. इतक्या महिन्यांनी ती आपणहून जवळ आली, म्हणून त्यांचा चेहरा क्षणभर उजळला.

“त्याला सांगितलंस होय? मग माझ्या पोराला का नाही सांगितलंस? भरती व्हायच्या आदल्या दिवशी तुझ्याच घरी जेवून गेला ना तो?”

“गुप्ततेची शपथ होती, ताई. नोकरी गेली असती.”

“हां,” ती म्हणाली. “त्या मंत्र्यालाही खुर्चीच सांभाळायची होती.”

बस आली. ती खिडकीशी बसली आणि शेजारच्या जागेवर आपली पर्स ठेवली. दुभाषी दांडीला धरून उभेच राहिले. बस बरीच रिकामी होती.