गिटारला खोबरेल

आज कपाट आवरताना खोबरेलाची बाटली लवंडली आणि त्या वासाने मला मुंबईतल्या मढच्या बंगल्यात नेलं. ऐंशीच्या दशकात एका चित्रपटाला संगीत देणारा जर्मन ब्लूज बँड तिथे उतरला होता. त्यांची व्यवस्था बघणं ही माझी पहिली नोकरी.

एका सकाळी घरमालकीण रोझीमावशी म्हणाली, "गिटारच्या तारा गंजल्या होत्या गं. मस्त खोबरेल चोळलं."

"मावशी, वाट लागली. माझी नोकरी गेली."

"मग काय गंजू द्यायच्या?"

गिटारवाल्याने तार छेडली. आवाज दबका, ओलसर निघाला. संगीत बसवण्यासाठी समोर लावलेल्या पडद्यावर चित्रपटातल्या विधवेचा मूक प्रसंग चालू होता. तिच्याकडे बघत तो वाजवतच राहिला. मग मला म्हणाला, "उद्याही लावायला सांग."

नोकरी वाचली, एवढंच तेव्हा कळलं. तो सूर किती खरा होता, ते पुढे थेटरात तो चित्रपट बघताना कळलं.

निरोप सांगितला तर मावशी म्हणाली, "रोज कशाला? एकदा लावलं की आठवडाभर बघायला नको."