चार मूकपट आणि सफरचंदांची बाग

शशी गेल्याचा फोन आला तेव्हा मी सौदीत, दम्मामच्या माझ्या दुकानात एका गिऱ्हाइकाला पंपाचं सील दाखवत होतो. "बरं," एवढंच म्हटलं. फोन ठेवला, सील बांधून दिलं, आलेला चहाही प्यायलो. पाच आठवडे झाले... अजून डोळ्यांत टिपूस नाही.

शशी नाशिकचा इंजिनिअर, मी रत्नागिरीचा दुकानदार. सतरा वर्षांची आमची दोस्ती एका जर्मन नटाने टिकवली. इथे थिएटरं नव्हती तेव्हापासून दर शुक्रवारी दुपारी शेजारच्या खोबर शहरात शशीच्या फ्लॅटवर भिंतीवर मूकपट लागायचा. नट तोच, सिनेमे तेच चार. शशी पुण्यात जर्मन शिकलेला. मधल्या पाट्या मराठीत वाचायचा, वर स्वतःचं तिखटमीठ लावायचा. त्या नटाचं नाव आज कुणाला ठाऊक नाही. उंच, पडेल खांद्यांचा, दारातून आत येतानाही माफी मागत आल्यासारखा. चार सिनेमे केले आणि संपलं. पुढे काय झालं त्याचं, मी एकदा विचारलं. "गावी गेला. सफरचंदांची बाग लावली, म्हातारा होऊन मेला. शहाणा होता, इब्राहिम... आपणही पुढच्या वर्षी इथलं सगळं खलास करून गावी जाऊ," शशी म्हणाला. हे पुढचं वर्ष दरवर्षी यायचं.

गेल्या आठवड्यात त्याची मुलगी गौरी फ्लॅट रिकामा करायला आली. कपाटात त्या नटावरचं एक जर्मन कात्रण निघालं. तिने मोबाइलवर भाषांतर करून वाचून दाखवलं. चौथा सिनेमा पुरा होतो न होतो तोच तो न्यूमोनियाने गेला होता, वय एकतीस. बागबिग काही नव्हती. कडेला शशीने पेन्सिलीने अवघड शब्दांचे अर्थ लिहिले होते, म्हणजे त्याला सगळं माहीत होतं. मला त्याचा भयंकर राग आला. शशी गेल्यापासून पहिल्यांदाच काहीतरी वाटलं.

गौरी खोक्याला टेप लावत होती. माझ्याकडे न बघताच म्हणाली, "काका, बाबा ह्या वर्षी खरंच परत येणार होते ना? आईला तसं सांगितलं होतं त्यांनी."

"हो गं," मी म्हटलं. "तिकिटंच बघत होता."

गौरी, तू हे वाचशील म्हणून लिहितो. तो तिकिटं बघत नव्हता. वारण्याच्या आठ दिवस आधी त्याने आणखी दोन वर्षांच्या करारावर सही केली, माझ्याच दुकानात बसून, माझ्याच पेनाने. मी त्याला अडवलं नाही... तो नाशिकला परतला असता, तर शुक्रवारी मी कुठे गेलो असतो?