समोरच्या फ्लॅटमधलं मयत

"अरे, दार उघडा! कोण गेलं ते तरी सांगा!"

माझी माय समोरच्या फ्लॅटचं दार बडवत होती. डोक्यावर पदर, हातात पिठल्याचा डबा, आणि आवाज असा की एमआयडीसीतल्या भोंग्यानं लाजून सुट्टी घ्यावी!

माय तीर्थपुरीहून नुकतीच आमच्याकडं जालन्याला आली होती. तिकडं एकटीच असते, म्हणून कायमची ठेवून घ्यायचा माझा बेत. पण तिनं दुसऱ्याच दिवशी जाहीर केलं, "इथं माणसंच न्हाईत. मी चालले गावाला."

तेवढ्यात तिची नजर समोर गेली. दिवसभर दार बंद, चपला बाहेर, फोडणीचा वास नाही. आमच्या गावात चूल पेटत नाही ती मयताच्या घरी. अशा घरी शेजाऱ्यांनी पिठलं-भाकरी न्यायची, त्याला कडू घास म्हणतात.

मायला आवरायचं सोडून मी काय केलं? खांद्यावर टॉवेल टाकून मागं उभा राहिलो! (समोरच्याचं नावही कधी विचारलं नव्हतं, तो जिवंत आहे की नाही, हे मला कुठून माहीत असणार?) वरच्या मजल्यावरचे सर उतरले. खालच्या वहिनी रडतच वर आल्या.

"फार भला माणूस होता हो!" सर म्हणाले.

"तुम्ही ओळखत होता?"

"न्हाई, पण कधी आवाज न्हाई त्याचा!"

मी उत्साहाच्या भरात स्वर्गरथाला फोन केला. तो आलाही लगेच!

अन् दार उघडलं. बनियनवर एक पोरगा, डोळे तांबारलेले.

"कोण गेलं?" त्यानं घाबरून विचारलं.

"तू," माय म्हणाली.

"न्हाई हो मावशी, मी झोपल्तो! मिलमधी रातपाळी असती."

"मंग चूल का पेटत न्हाई तुही?"

"एकटाच हाये. खानावळीत खातो."

"जल्दी करा!" खालून स्वर्गरथवाला ओरडला.

"आणलेला घास परत नेत नसतेत," माय पोराला म्हणाली. "बस. खाय."

तो उंबऱ्यातच बसला. दुसऱ्या घासाला त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. मिरची जास्त झाली असावी, असं आम्ही सगळ्यांनी बिलकुल एकमतानं ठरवलं. सर जिन्यावर टेकले, वहिनींनी लोणचं आणलं, स्वर्गरथवाल्यालाही भाकरी मिळाली. तिथंच आम्ही पहिल्यांदा एकमेकांची नावं विचारली.

त्यानंतर मायनं गावाचं नाव काढलं नाही. एकदा मी बायकोसमोर छाती फुगवून विचारलं, "शेवटी पोराची माया आली ना?"

"आली की," भाकरी थापता थापता माय म्हणाली. "समोरच्या पोराची."