उवांवरचं औषध

सत्तरचं दशक होतं. मी पंधराची, धाकटी नऊची. तिच्या डोक्यात उवा झाल्या आणि चिडले मी, कारण आम्ही एकाच गोधडीत झोपायचो. माय-बाबा वावरात गेले होते. कापसाच्या पऱ्हाटीवर फवारायच्या औषधाचा डबा मागच्या खोलीत होता. त्यानं अळी मरते, मग ऊ काय जगणार? जवसाच्या तेलात ते मिसळून मी तिच्या डोक्याला चोपडलं आणि वर फडकं गच्च बांधलं.

"ताई, वास येऊन राह्यला."

"चूप बस," मी म्हणाले. असा माझा शहाणपणा.

तासाभरात ती घामानं निथळली. लाळ गळू लागली, उलट्या झाल्या, दंडाची कातडी थडथड उडू लागली. मी घाबरून फडकं सोडलं, दूर फेकलं. शेजारची काकू आली, "ऊन लागलं पोरीले," म्हणत तिनं कांदा फोडून धाकटीच्या नाकाशी धरला. मीही ऊन, ऊन म्हणत राहिले. बाबा वावरातून धावत आले आणि आम्ही तिला बसनं वर्ध्याच्या दवाखान्यात नेलं.

डॉक्टरांनी तिच्या पापण्या उघडल्या. बाहुल्या मोहरीएवढ्या झाल्या होत्या.

"हिला काही पाजलं, लावलं?"

बाबा शेजारीच उभे होते. "काई नाई," मी म्हणाले.

मग तिच्या छातीत घरघर सुरू झाली आणि मी रडत सगळं सांगितलं. लगेच इंजेक्शनं सुरू झाली. नर्सनं तिचं डोकं भादरून साबणानं पुन्हा पुन्हा धुतलं. डॉक्टर बाबांना समजावत होते, "नस स्नायूला हुकूम देते. काम झालं की तो हुकूम पुसला जावा लागतो. हे विष पुसणाऱ्यालाच निकामी करतं. मग तोच हुकूम सुटत राहतो आणि शेवटी स्नायू थकून पडतात. श्वासाचेसुद्धा."

दुसऱ्या दिवशी बाहुल्या मोठ्या झाल्या. "ताई, तोंड कोरडं पडलं," ती म्हणाली, तेव्हा डॉक्टर पहिल्यांदा हसले. इंजेक्शन लागू पडलं होतं. मला मात्र तिच्याकडे बघवत नव्हतं.

पंधरा वर्षांनी, हिंगणघाटला तिच्या घरी, मी तिच्या पोरीचं डोकं फणीनं विंचरत होते. धाकटी समोर कापसाच्या वाती वळत बसली होती.

"तवा मले सारं ऐकू येत होतं," ती सहज म्हणाली. "हात उचलवत नव्हता, जीभ हालत नव्हती. पन तू 'काई नाई' म्हनली, ते ऐकलं."

"मंग इतकी वर्षं बोलली काऊन नाई?"

"काय बोलू? तवाच मनात ओरडून राह्यली होती मी. सांग ना वं ताई, सांग ना."